मानेतला निळा धागा

मंगळवार, ४

आधी एक दुरुस्ती. शनिवारच्या नोंदीत मी लिहिलं आहे की हरिणीच्या मानेमागे अडकलेला निळा धागा पुसायच्या फडक्याचा होता आणि मी तो कचऱ्यात टाकला. दोन्ही गोष्टी बरोबर नाहीत. आमची फडकी पांढरी आहेत. निळ्या काठाची फडकी दोन वर्षांपूर्वीच संपली. आणि धागा मी टाकलेला नाही. तो कागदाच्या पुडीत घातला, पुडीवर ‘फडक्याचा धागा, निरुपयोगी’ असं लिहिलं आणि पुडी पेन्सिलींच्या डब्यात ठेवली. निरुपयोगी वस्तूची कोणी पुडी बांधत नाही, हे तेव्हाच माझ्या लक्षात यायला हवं होतं.

याला चूक म्हणायचं की खोटं, ते मला ठरवता येत नाही. तूर्तास दुरुस्ती म्हणते. शनिवारचं पान फाडलेलं नाही. खोडलंय ते एका रेघेने, खालचं वाचता येईल असं. मला अक्षरं बाबांनी त्यांच्या कामाच्या टेबलावर शिकवली, ओल्या मातीत काडीने काढून. आठ वर्षांची होईपर्यंत मी शाळेत गेलेच नव्हते. वही हातात आली तेव्हा त्यांनी एकच नियम सांगितला होता की खोडायचं तर एक रेघ.

आता क्रमाने लिहिते. बाबा संग्रहालयात जोडकाम करायचे. फुटलेल्या मूर्ती, भांडी. चार महिन्यांपूर्वी त्यांना झटका आला, उजवी बाजू गेली, वाचा गेली. त्यांचं टेबल आता माझ्याकडे आहे. या महिन्याच्या एकवीस तारखेला हरिणी दुसऱ्या शहरातल्या प्रदर्शनाला जाणार आहे. जाण्याआधी तिला साफ करायचं आणि तिच्या स्थितीचा अहवाल लिहून सही करायची, हे माझं काम.

हरिणी म्हणजे हातभर उंचीची, भाजलेल्या मातीची बाई. अंग बाईचं, डोकं हरणाचं. आमच्या तिकिटावर तीच आहे. शाळेची मुलं येतात तेव्हा तिचंच चित्र काढतात. नोंदवहीत तिच्यापुढे लिहिलंय: एकसंध, अभंग.

आमच्या घरात जोड करताना लगद्यात निळ्या सुताचा एक तंतू घालतात. टोक जेमतेम दिसेल एवढं बाहेर ठेवायचं, पाठीमागे. पुढच्या माणसाला कळावं की इथे हात लागलेला आहे. आजोबा घालायचे, बाबा घालायचे, मी घालते. दुसरं कोणी घालत नाही.

शनिवारी मी तो चिमट्याने ओढला. त्याच्याबरोबर चिमूटभर भुकटी आली. ती पण पुडीत आहे.

काय वाटलं तेही लिहायला हवं. काही वाटलं नाही. हात धुतले, डबा खाल्ला.

बुधवार, ५

आज भिंगाखाली मान पाहिली. नखाने टिचकी मारली. अंग एका आवाजात बोलतं, डोकं दुसऱ्या. मध्ये बोटभर जागा आहे तिथे आवाजच नाही. माती दोन प्रकारची आहे. डोक्याच्या मातीत अभ्रकाचे कण आहेत, अंगाच्या मातीत नाहीत. वरून रंग इतका मिळवलाय की बॅटरी तिरकी धरल्याशिवाय दिसत नाही. बाबांचंच काम. इतकं चांगलं काम मी अजून करू शकत नाही.

दुपारी मिश्ररूपांच्या दालनात जाऊन बसले. तिथे बैलाच्या डोक्याचा माणूस आहे, पाय पक्ष्याचे असलेली बाई आहे, खालून मासा असलेला मुलगा आहे. लहानपणापासून पाहत आलेय, पण आज पहिल्यांदा माना पाहिल्या. बैल-माणसाचे खांदे माणसाचे नाहीतच. ते आधीच जड आहेत, वशिंडासारखे चढलेले. माणूस कुठे संपला ते बोट ठेवून सांगता येत नाही. पक्षी-बाईच्या मांडीवर बारीक रेघा आहेत, त्या खाली जाऊन पिसं होतात. मासा झालेल्या मुलाच्या पोटावर बेंबी नाही. ज्याने हे घडवलं त्याने दोन अर्धे चिकटवले नाहीत. सगळं शरीर एकाच वेळी विचारात घेतलं.

हरिणीच्या अंगाला हरणाबद्दल काहीच माहीत नाही. ती फक्त बाई आहे. हात बाईचे, खांदे बाईचे, उभं राहणं कंटाळलेल्या बाईचं. हरीण तिला मानेपासून वर भेटतं, तेही एका रेघेवर.

इतकी वर्षं हे कोणाला दिसलं कसं नाही? मला कसं दिसलं नाही?

शुक्रवार, ७

पेटी करणारे सुतारकाका मापं घ्यायला आले. ते मला डॉक्टरीणबाई म्हणतात, कारण मी न बोलणाऱ्या रोग्यांच्या तब्येतीचे कागद लिहिते.

“काय डॉक्टरीणबाई, पेशंट प्रवासाला फिट?”

मी म्हटलं, बघतेय अजून.

“बघा, पण लवकर बघा. मला एवढंच सांगा, मान धरू का अंग धरू?”

मला कळलं नाही. त्यांनी समजावून सांगितलं. वस्तू एकसंध असेल तर एक पट्टा मानेभोवती, एक कमरेभोवती, आणि बाकी फोम. जोड असेल तर मानेला पट्टा लावायचाच नाही. डोक्याला खालून वेगळी उशी द्यायची आणि अंगाला वेगळी, म्हणजे गाडीचे हादरे जोडावर येत नाहीत.

“आणि जोड असून मानेला पट्टा लावला तर?”

“तर तिथे पोचल्यावर दोन पाहुण्या उतरतील,” काका म्हणाले आणि स्वतःच हसले. मग माझ्याकडे पाहून हसायचे थांबले. “अहो, कागदावर एकसंध लिहिलंय ना? मग कशाला घाबरता? वीस तारखेला सकाळी अकराला झाकण ठोकतो. तोवर सांगा.”

जोड जुना आहे. लगदा पिवळा पडून मऊ झालाय. शनिवारी मी धागा ओढल्यापासून केसाएवढी फट दिसते. आधी होती की माझ्यामुळे झाली, याची खात्री नाही.

रविवार, ९

विभागप्रमुख बाई बाबांना भेटायला आल्या होत्या. फळं आणली. सहा महिन्यांनी त्या निवृत्त होतायत. हरिणी त्यांनीच जगापुढे आणली, तिच्यावर त्यांनी जाड पुस्तक लिहिलं. माणूस आणि जनावर यांच्यामधली रेघ जुन्या लोकांना मान्यच नव्हती, असा त्याचा सारांश. ते पुस्तक मी चौदाव्या वर्षी वाचलं, आणि बराच काळ माझं तेच मत होतं.

आत्याने चहा केला. आत्या म्हणजे बाबांची मोठी बहीण. मला तिनेच वाढवलं.

बाई बाबांच्या खाटेजवळ खुर्ची ओढून बसल्या. “हरिणी चाललीय बरं का आपली. पहिल्यांदाच गाव सोडतेय.”

बाबांनी डावा हात उचलला आणि स्वतःच्या मानेला मागून लावला. दोनदा.

“मान आखडलीय का?” बाईंनी मला विचारलं. मी मान चोळून द्यायला पुढे झाले, तर बाबांनी माझा हात बाजूला केला. बाई उठल्या आणि खिडकीशी जाऊन उभ्या राहिल्या. परत आल्या तेव्हा डोळे लाल होते. पंख्याची धूळ गेली असावी. पंखा पुसायचा राहून गेलाय, उद्या पुसते.

जाताना दारात म्हणाल्या, “मी रोज दालनात जाते, माहितेय तुला? चोवीस वर्षं. आणि रोज आधी तिची मान बघते.”

एखाद्या वस्तूवर माणसाचं इतकं प्रेम असू शकतं. मला त्यांच्यासमोर उभं राहायला लाज वाटली.

बाबांना एक नवीन खोड लागलीय, ती नोंदवून ठेवते. पायांवर टाकलेल्या आत्याच्या निळ्या शालीतून ते डाव्या हाताने सूत ओढतात. आत्या चिडते. “माझ्या शालीनं तुझं काय वाईट केलंय रे? उद्या तू उघडा नि मी उघडी!” व्यायाम घ्यायला येणाऱ्या ताईंना विचारलं. त्या म्हणाल्या, असं होतं, त्यात अर्थ शोधत बसू नका, बोटांना उलट चांगलंच आहे. केव्हापासून, असं त्यांनी विचारलं. मी आठवून सांगितलं: मागच्या रविवारपासून. आदल्या संध्याकाळी ते नीट जेवत होते. मी त्यांना दिवसभरातलं सांगत होते, हरिणी साफ केली, मानेत फडक्याचा धागा अडकला होता तो काढला वगैरे. मग त्यांनी चमचा खाली ठेवला आणि पुढे जेवले नाहीत. बहुधा तेव्हाच काहीतरी बिघडायला सुरुवात झाली असावी.

मंगळवार, ११

आत्या बटाटे सोलत होती. मी सुरी घेऊन समोर बसले आणि विचारलं, हरिणीचं काम बाबांनी घरी केलं होतं का?

“तू सालं जाड काढतेयस,” आत्या म्हणाली.

मी पातळ काढायला लागले. दोन बटाटे झाल्यावर तीच बोलली.

“काम कसलं? दोन ट्रे आले होते घरी. तेव्हा तुमच्या संग्रहालयात धड टेबलसुद्धा नव्हतं. एकात ती बाई, डोकं नसलेली. दुसऱ्यात हरणाचं डोकं, अंग नसलेलं. कुठून कुठून खणून काढलेलं. त्यानं आपलं सहज जोडून बघितलं.”

“सहज म्हणजे?”

“अगं, तुझी आई जाऊन दोन महिने झाले होते. तू रांगत होतीस. हा कोणाशी बोलत नव्हता. माझ्याशी नाही, तुझ्याशी नाही. नुसता टेबलाशी बसायचा, त्या बिनडोक्याच्या बाईसमोर. मी म्हटलं, ठेव रे ते आत, माझ्यानं बघवत नाही. एक दिवस सकाळी उठून बघते तर तिला डोकं.” आत्याने सुरी पातेल्याच्या काठावर आपटली. “अशी मान वळवून, कान टवकारून. तुझी आई अशीच बघायची, मागून हाक मारली की.”

मला आई आठवत नाही. त्यामुळे ताडून पाहता आलं नाही.

“आणि बाई?”

“कोण, तुझ्या प्रमुखबाई? तेव्हा पस्तिशीची असेल. ट्रे न्यायला आली आणि दारातच उभी राहिली. रडायलाच लागली बघ. म्हणाली, असं काही मी आयुष्यात पाहिलं नाही. हा म्हणाला असेल काहीतरी. नसेलही. मग ते डोकं परत काढणार कोण? तू काढलं असतंस?”

मी विचारलं, त्यांनी बाईंना जोड दाखवला होता का. आत्या म्हणाली, मला काय माहीत, मी तुझी दुपटी धूत होते.

एवढ्यावरून निष्कर्ष काढता येत नाही. आत्याचं बोलणं बरंचसं विषयाला धरून नव्हतं. तरी जसंच्या तसं उतरवून ठेवलंय.

शाळेत असताना आमची सहल संग्रहालयात गेली होती, हे मात्र मला पक्कं आठवतं. बाबांनीच आम्हाला सगळी दालनं दाखवली. मिश्ररूपांच्या दालनापाशी आल्यावर ते बाहेर थांबले, बुटाची नाडी बांधायला. आम्ही सगळं पाहून बाहेर आलो तरी ते नाडीच बांधत होते.

गुरुवार, १३

अहवालाचा कागद समोर घेऊन बसले. ‘स्थिती’ या रकान्यात ‘एकसंध, अभंग’ आधीच छापून आलंय. खाली सहीची जागा रिकामी. पेन तीन वेळा उघडलं. घरी आले.

पंखा पुसला.

शनिवार, १५

बाईंच्या खोलीत गेले. मनात वाक्य तयार केलं होतं. आत गेल्यावर ते निघालं नाही. म्हटलं, “बाई, मानेपाशी फट आहे.”

त्यांनी चष्मा काढला. “केवढी?”

“केसाएवढी.”

“मातीला वय झालं की पडतात रेघा.”

“रेघ नाही बाई. आत जोड आहे.”

बाहेर कोणीतरी फरशी पुसत होतं, बादली सरकल्याचा आवाज येत होता.

“बस,” त्या म्हणाल्या. मी बसले. “तू फार थकलीयस गं. घरी आजारी माणूस, इथे हे. चेहरा बघ कसा झालाय.” मग हळूच, “तुझ्या एका ओळीने काय होईल, कल्पना आहे? तिला आधी टेबलावर आडवी घालतील. मग दोन खोकी. एकात डोकं, एकात अंग, दोन नंबर. मुलं विचारतील, हरिणी कुठे गेली. काय सांगशील?”

मी त्यांच्या टेबलावरच्या कागदांच्या कडा जुळवल्या.

“आणि तुझ्या बाबांना काय म्हणतील लोक? आयुष्यभर सरळ काम केलेला माणूस. आता तर त्यांना उत्तरही देता येणार नाही.”

हे मात्र खरं आहे.

मी उठले तेव्हा बाई म्हणाल्या, “त्या दिवशी तुझ्या बाबांनी मला काय दिलं ते तुला कळायचं नाही. मी तेव्हा नोकरी सोडायला निघाले होते.” मग चष्मा लावला. “ठीक आहे. वीस तारखेपर्यंत कागद दे.”

पट्टा आणि हादरे यांबद्दल बोलायचं राहून गेलं. जिन्यात आठवलं. परत वर गेले नाही.

रविवार, १६

दिवसभर घरी. बाबांची नखं कापली. डाव्या हाताची कापताना त्यांनी मूठ मिटली, उघडेना. मी एकेक बोट सोडवलं. आत शालीच्या निळ्या सुताची गुंडी होती. त्यांनी ती माझ्या तळहातावर ठेवली आणि माझी बोटं तिच्यावर मिटवली. मी गुंडी टेबलावर ठेवली. त्यांनी ती उचलून पुन्हा माझ्या हातात दिली. असं चार वेळा झालं.

“घे बाई एकदाची,” आत्या म्हणाली. “माझी शाल गेली ती गेलीच.”

मी खिशात टाकली. बाबांनी डोळे मिटले. मला वाटतं त्यांना शालीची ऊब जास्त होतेय. पातळ चादर काढून ठेवली.

मला रडू यायला हवं होतं असं आत्याच्या चेहऱ्यावरून वाटलं. आलं नाही. हातपाय गार पडतात एवढंच, आणि कोणी बोललं तर ते शेजारच्या खोलीतून बोलल्यासारखं ऐकू येतं.

मंगळवार, १८

आज सकाळी हरिणीला दोन्ही हातांत धरलं, एक हात डोक्याखाली, एक कमरेखाली. अगदी हळू वजन या हातावरून त्या हातावर घेतलं. डोकं हललं. खूप नाही. झोपलेलं माणूस हाक ऐकून हलतं तेवढं.

मानेला पट्टा लावून तिला पाठवलं तर ती वाटेत तुटेल. मी सही केली आणि ती तुटली, तर लोक म्हणतील वाहतुकीत फुटली. कोणावरच काही येणार नाही. बाबांवर नाही, बाईंवर नाही, माझ्यावर तर नाहीच. हे मी पुष्कळ वेळ तपासून पाहिलं. त्यात कुठेही फट सापडली नाही, आणि मला त्याचीच भीती वाटली. दोन आठवड्यांत पहिल्यांदाच काहीतरी वाटलं म्हणून लिहून ठेवते.

दुसरी बाजूही लिहिते. मी खरं लिहिलं तर तिची दोन खोकी होऊ शकतात. बाबांनी त्या वर्षी केलेली एकमेव गोष्ट माझ्या हाताने सुटी होईल. बाई निवृत्तीच्या आधी पुस्तकासकट उघड्या पडतील. हे सगळं होईल किंवा होणार नाही, ते मला माहीत नाही. डोकं हलतं, एवढं मला माहीत आहे.

आणि धागा मी काढलाय. बाबांनी चोवीस वर्षं तो तिथे ठेवला होता, कोणीही बघावा असा. नोंदवहीत त्यांनी एकसंध लिहिलं नव्हतं. तिथलं अक्षर त्यांचं नाही. त्यांनी जे लिहिलं होतं ते मी चिमट्याने उपटून वर निरुपयोगी अशी चिठ्ठी लावली. ते परत लिहिणं हे दुसऱ्या कोणाचं काम नाही.

छापील कागद बाजूला ठेवून नव्या कागदावर मजकूर तयार केला. तो असा:

‘स्त्री, भाजलेली माती, डोके नाही. हरणाचे डोके, भाजलेली माती, अंग नाही. दोन वस्तू, एक जोड. जोड चोवीस वर्षांपूर्वीचा, करणारे माझे वडील. जोडाची खूण म्हणून घातलेला निळा धागा सफाई करताना मी चुकून काढला. तो भुकटीसह सोबत आहे, त्या जागी नवा घातला आहे. जोड सैल आहे. मानेला पट्टा लावू नये. जोड सोडवू नये, अशी जोडणाऱ्याच्या मुलीची विनंती आहे.’

शेवटचं वाक्य अहवालात बसत नाही. एका रेघेने खोडलं. मग वाटलं, खालचं तर वाचता येतंच. तसंच ठेवलं.

जुना धागा ठिसूळ झालाय, परत घालण्यासारखा नाही. खिशात आत्याच्या शालीचं सूत सापडलं. निळं आहे, जाडीही साधारण तीच. योगायोगाने सोय झाली. त्यातला एक तंतू सोडवून पाण्यात भिजत घातलाय.

संध्याकाळी घरी आल्यावर बाबांना मजकूर वाचून दाखवला, दोनदा, सावकाश. त्यांना किती कळतं याची खात्री नाही, पण त्यांचं नाव येतंय म्हणून सांगणं भाग होतं. ते छताकडे बघत होते. वाचून झाल्यावर त्यांच्या डाव्या डोळ्यातून पाणी आलं, ते पुसलं. त्यानंतर जेवण होईपर्यंत त्यांनी शालीला हात लावला नाही. दहा मिनिटांनी पाहिलं, तासाने पाहिलं, हात नुसता शालीवर पडलेला होता. खोड गेली म्हणायची. व्यायामाच्या ताईंना सांगायला हवं, त्यांच्या व्यायामाचा गुण दिसतोय.

“जेवला का गं तो?” आत्याने विचारलं.

“दोन्ही वाट्या संपवल्या.”

“मग आता तूपण जेव.”

जेवले.

उद्या संग्रहालय बंद. परवा सुतारकाका अकराला झाकण ठोकतील. त्याआधी बाई आणि काका दोघांनाही टेबलाशी बोलवायचं, त्यांच्यासमोर धागा घालायचा, कागद वाचायचा, सही करायची. काकांना सांगायचं, मान धरू नका.

वेळ ठरवली: गुरुवार, वीस तारीख, सकाळी दहा.